माझो हात सोड

"आजींना नुसतं बसू दे. बोलायला लावू नकोस. त्या बोलल्या की सगळा मूड जातो."

सर हे मला म्हणाले. आजी माझ्या शेजारीच उभी होती, माझा दंड धरून, घाटकोपरच्या त्या सभागृहाच्या पायरीवर. तिचे कान शाबूत आहेत. दोन खोल्या पलीकडे कुणी भांडी आपटली तरी तिला कळतं. सरांनी तिच्याकडे बघितलंसुद्धा नाही. खुर्ची कुठे ठेवायची हे सांगावं, तसं त्यांनी मला सांगितलं.

मी काय केलं? मी मान हलवली. "हो सर" म्हणाले. हे आधीच सांगून टाकते. पुढे मी फार शूर असल्यासारखी वाटेन, तसं काही नाही.

आजी म्हणजे माझ्या आईची आई. नाव भागीरथी, गाव वेंगुर्ल्याच्या बाजूचं. तिची आई, आवडू, देवळात होती. देवळात होती म्हणजे काय, हे आमच्याकडच्या माणसाला सांगावं लागत नाही. बाकीच्यांसाठी सांगते. देवाशी लग्न लावून दिलेली बाई. देवळाची झाडलोट तिच्याकडे, दिवाबत्ती तिच्याकडे, पालखीपुढे नाचणं तिच्याकडे. आणि गावातल्या मोठ्या घरातल्या पुरुषांनी तिच्यावर हक्क सांगायचा, तोही देवाचंच नाव घेऊन. पोरांना बापाचं नाव नाही. आजीला कुणी पूर्ण नाव विचारलं की ती भागीरथी आवडू असं सांगायची. लोकांना वाटायचं, आवडू हे आडनाव असेल.

गावातून निसटायला म्हणून ती सतराव्या वर्षी एका मावशीबरोबर बोटीने मुंबईला आली. मूकपटांचे दिवस होते. चांगल्या म्हणवणाऱ्या घरांतल्या बायका कॅमेऱ्यापुढे यायला तयार नव्हत्या, म्हणून कंपन्यांना आजीसारख्या मुली हव्या असायच्या. एका कंपनीने तिला पगारावर ठेवलं. भागीरथी हे नाव मालकांना पोळपाट-लाटण्याचं वाटलं. त्यांनी तिचं नाव ठेवलं मिस कुंदलता.

सात चित्रपट केले तिने. पाचांत नायिका. राणी झाली, पतिव्रता झाली, एकदा तर देवी झाली आणि थिएटरात लोकांनी पडद्यापुढे नारळ फोडले. काळीसावळी होती, म्हणून तोंडाला मानेपर्यंत पांढरा रंग फासायचे. काम सगळं उन्हात. छताशिवायचा मांडव, आणि चकचकीत पत्रे धरून ऊन तोंडावर मारायचे. त्याने डोळ्यांतून पाणी यायचं. ते पाणी लोकांना अभिनय वाटायचा. दिग्दर्शक भोंग्यातून ओरडायचा, आता रड, आता वळ, आता त्याच्याकडे बघ. नट तोंडाने वाटेल ते बोलत असायचे. एकजण गुजरातीत, दुसरा उर्दूत, आजी मालवणीत. आवाज कुठे कोण टिपत होतं? मध्ये पाटी यायची, आणि पाटीवर लिहिलेलं तेच त्या माणसाचं बोलणं.

मग बोलपट आला. कंपनीने सगळ्या नटींची आवाजाची परीक्षा घेतली. आजीला एक वाक्य दिलं, शुद्ध मराठीतलं, नवऱ्याला अहोजाहो करणारं. तिने ते पाठ केलं, पण बोलताना तिच्या तोंडून गाव बाहेर आलं. सगळे हसले. मालक म्हणाले, "हिचं तोंड बंद आहे तोवरच ही राणी." आजीने मला हे वाक्य इतक्या वेळा सांगितलंय की त्या मालकांचा चेहरा न बघता मला त्यांचा आवाज ओळखता येईल. त्यानंतर गर्दीतली कामं. मग तीही गेली. मग दुसऱ्या नट्यांचे केस विंचरायचं काम, त्याच धंद्यात, त्याच आरशांपुढे, खुर्चीच्या मागच्या बाजूला. अंधेरीच्या स्टुडिओत केस विंचरता विंचरताच ती म्हातारी झाली.

आई गेल्यावर मी तिच्याकडेच वाढले. अंधेरी पूर्वेला, चाळीतल्या एका खोलीत. कुणी विचारलं आजी काय करायची, तर मी सांगायची, शिवणकाम. शाळेत तेच सांगितलं, कारखान्यातही तेच. सिनेमावाली म्हटलं की बाया डोळे बारीक करतात. त्यात देवळाचं कळलं असतं तर वाट लागली असती. मला ती लपवायला आवडत होती असं नाही. पण लपवत होते.

मी मरोळला कामाला होते, पत्र्याचे डबे बनवणाऱ्या कारखान्यात. अकरा प्रेस मशिनं एका शेडमध्ये. दिवसभर धाड धाड, कानाशी ओरडलं तरी ऐकू येणार नाही. आमच्यात एक सावंतमामा होते. जन्म गिरणीत साच्यावर, म्हणजे मागावर, गेलेला, संपानंतर आमच्याकडे हेल्पर म्हणून आले. त्यांनी मला तोंड वाचायला शिकवलं. गिरणीत सगळे असंच बोलतात म्हणाले, साच्यांच्या खडखडाटात दुसरा इलाजच नसतो. आवाज न काढता ओठ हलवायचे, आणि समोरच्याने ओठ वाचायचे. प, ब आणि म ओठांवर सारखेच दिसतात, हे त्यांनी पहिल्या दिवशी सांगितलं. म्हणून एका अक्षरावर जायचं नाही. पुढचं-मागचं बघायचं, ओठ कुठे मिटतात, कुठे गोल होतात ते बघायचं. वर्षभरात मी शेडच्या या टोकाला उभी राहून त्या टोकाच्या बायकांच्या सासवा ऐकायला लागले. एकदा सुपरवायझर मला काय म्हणतो तेही काचेतून वाचलं. ते इथे लिहीत नाही.

सर आमच्याकडे आले ते एका रविवारी. प्राध्यापक होते, जुन्या सिनेमावर लिहायचे. बोलायला गोड. आमची कपबशी हातात घेतली, पण चहा तसाच ठेवून गेले. त्यांनी सांगितलं की कुंदलताच्या सातपैकी एका चित्रपटाची बारा मिनिटं सापडली आहेत. त्या चित्रपटाच्या नायकाच्या घरी, माळ्यावरच्या पेटीत. बाकीचं सगळं जळलं किंवा कुजलं. नायक कधीच वारले होते, पण घराणं मोठं, नातू उद्योगपती. ती बारा मिनिटं घाटकोपरला दाखवणार होते आणि त्या दिवशी आजीचा सत्कार करायचा होता.

आजीने स्वतःला पडद्यावर कधी बघितलंच नव्हतं. कंपनीच्या मुलींना थिएटरात जायला बंदी होती, लोकांनी चेहरा ओळखला तर भाव उतरतो म्हणून. नंतर पोट भरायच्या धांदलीत राहून गेलं. आता अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी तिला एकच हवं होतं, एकदा बघायचं. आणि सरांना तिने एकच विनंती केली. पत्रिकेवर माझं खरं नाव घाला. सरांनी वहीत लिहून घेतलं. ट्रंकेतले चार फोटोही घेऊन गेले.

आम्ही रिक्षाने गेलो. आजी नऊवारी लुगड्यात, डोक्यात अबोलीचा वळेसर. पायरीवर सर ते बोलले. आत एका बाईंनी तिच्या लुगड्यावरून शाल अशी गुंडाळली की लुगडं दिसूच नये. तिला नेऊन स्टेजवर बसवलं. मला तिसऱ्या रांगेत जागा दिली. शेजारी एक मोत्यांच्या कुड्या घातलेल्या बाई होत्या, त्यांनी सहज विचारलं, तुम्ही त्यांच्या कोण?

"शेजारी," मी म्हणाले.

आजी स्टेजवर, मी खाली, मध्ये दहा हातांचं अंतर. हे वाक्य माझं मी बोलले, मला कुणी जबरदस्ती केली नव्हती.

हातात स्मरणिका होती. त्यात भागीरथी कुठेच नव्हती. मिस कुंदलता, मूळ नाव अज्ञात. अज्ञात. आमच्या खोलीत बसून जे वहीत लिहून घेतलं ते अज्ञात. पुढे सरांचा लेख. त्यात सापडलेल्या प्रसंगाचं भरभरून कौतुक होतं. रुसलेली पत्नी, तिचा हात धरून समजूत घालणारा पती. सरांनी लिहिलं होतं की या प्रसंगात तिचे ओठ स्पष्टपणे 'प्राणनाथ' असा उच्चार करताना दिसतात. ऐकायला कुणी नसतानाही त्या साध्या मुलीने भूमिकेशी केवढी एकरूपता साधली होती.

मग भाषणं झाली. सर माईकवर म्हणाले की त्या काळी कुलीन स्त्रिया या क्षेत्रात येत नसत, त्यामुळे दिग्दर्शकांना मिळतील तशा बायकांवर भागवावं लागे, पण नायकासारख्या थोर कलावंताच्या सहवासात अशा बायकांचंही सोनं झालं. लोकांनी टाळ्या वाजवल्या. आजी स्टेजवर हात जोडून बसली होती, सांगितलं होतं तशी. तिच्यावर भागवलं म्हणताहेत आणि ती हात जोडून बसली आहे. तरी मी बसून होते.

दिवे गेले. पडद्यावर ती आली.

वीस वर्षांची. माझ्यासारखी हनुवटी. पांढरा रंग, काजळ घातलेले डोळे. सभागृहात कुणीतरी वा म्हणालं. नायक आला, जरीचा फेटा, रुबाबदार. ती पाठ फिरवते. तो तिचं मनगट धरतो. ती वळून बघते आणि काहीतरी बोलते. लगेच पाटी येते, "प्राणनाथ, मी आपली जन्मोजन्मीची दासी आहे." पुन्हा तिचं तोंड. पुन्हा ती तेच बोलते.

मी रोज आठ तास ओठ वाचते. मला काही करावं लागलं नाही, ते आपोआप वाचले गेले. ओठ मिटले, उघडले. इथपर्यंत प्राणनाथ चालेल. पण मग ते गोल झाले. प्राणनाथ म्हणून बघा आरशात. ओठ कुठेही गोल होत नाहीत. तिचे झाले होते, मध्यावर, चांगले पुढे येऊन. झो. माझो. आणि मग तोंड उघडून जीभ दाताला. हात. माझो हात.

माझो हात सोड. माझो हात सोड मेल्या. माका दुखता.

तिसऱ्यांदा बोलली तेव्हा मला दिसण्याच्या आधी ऐकू आलं. तो आवाज मी जन्मभर ऐकला होता. नायक हसत होता आणि मनगट सोडत नव्हता. पिळत होता, आता ते दिसत होतं. ती अंग मागे ओढत होती आणि तिच्या डोळ्यांतून पाणी येत होतं. लोक स्तब्ध होऊन अभिनय बघत होते. माझ्या शेजारच्या बाईंनी रुमाल काढला. आजीचं डावं मनगट वाकडं आहे. हाड थोडं वर आलंय. लहानपणापासून मी ते बघतेय, पडले होते म्हणायची.

दिवे लागले. सर म्हणाले, पाहिलंत, प्राणनाथ कसं स्पष्ट दिसतं? मी उभी राहिले.

"ती प्राणनाथ म्हणत नाही. माझो हात सोड म्हणते. तो तिचा हात पिळतोय. मी तिची नात आहे."

शेजारच्या बाईंनी माझ्याकडे बघितलं, आत्ता तर ही शेजारी म्हणाली होती, अशा नजरेने. पुढच्या रांगेत नायकाचे नातू बसले होते, ते वळले. सर माईकवर हसले आणि म्हणाले की भावनेच्या भरात असं वाटू शकतं, ओठांवरून काहीही वाचता येतं. मी सांगितलं, मी मरोळला कारखान्यात प्रेसवर काम करते, मशिनांच्या आवाजात दिवसभर ओठच वाचते. यावर काही लोक हसले. कारखान्यातली बाई सिनेमावर बोलायला उठली होती.

तेव्हा आजीने अंगावरची शाल काढली आणि खुर्चीवर ठेवली. माईक तिच्यासमोर नव्हताच. तिला त्याची गरजही नव्हती.

"चेडू खरा सांगता," ती माझ्याकडे बोट करून म्हणाली. चेडू म्हणजे पोरगी. "मी बोलतच होतंय. आयकूक कोण नाय होतो."

मग तिने सगळं सांगितलं, तिच्या बोलीत, न थांबता. त्या दिवशी सकाळी नायक रंग लावायच्या खोलीत आला होता. तिने नाही म्हटलं. तो म्हणाला, देवळातल्या बाईने नाही म्हणायचं नसतं. कॅमेऱ्यापुढे त्याने त्याचा सूड घेतला. ढग आले म्हणून प्रसंग चार वेळा घेतला, चारही वेळा तिथेच पिळला. दिग्दर्शकाला दिसत होतं. तो भोंग्यातून म्हणाला, छान, असंच रड. मनगट महिनाभर सुजून होतं. बोलताना तिने हात वर करून दाखवला. शेवटी म्हणाली, आणि मी कुंदलता न्हय. मी भागीरथी. आवडूचा चेडू.

कुणी हसलं नाही. कुणी टाळ्याही वाजवल्या नाहीत. मागच्या रांगेतली काही माणसं हळूहळू उठून गेली. आमच्यासाठी चहा येणार होता, तो आला नाही. घरी येताना रिक्षात आजी म्हणाली, बरी दिसत होतंय गो मी. तिला तेवढंच बोलायचं होतं. मी मात्र त्या रात्रभर जागी होते. मला नायकाचा राग नव्हता आला, तो मेला होता. मला माझा राग आला होता. तिने साठ वर्षांपूर्वी, एकटीने, सगळ्या कंपनीसमोर त्याला तोंडावर हात सोड म्हणून सांगितलं, आणि मला आजवर चार बायकांत ती कोण आहे तेही सांगवत नव्हतं.

आठवड्याने सर आले. या वेळी चहा प्यायले. त्यांनी सांगितलं, नायकाचं घराणं दुखावलं आहे. त्यांनी ती बारा मिनिटं परत मागवली आहेत. पण सरांनी मध्यममार्ग काढला होता. टाइप केलेला कागद आणला होता. त्यात आजीच्या तोंडी लिहिलं होतं की वयोमानामुळे तिच्याकडून काही विधानं झाली, तरी त्या प्रसंगात आपण अभिनयच करत होतो. खाली सहीची जागा. बदल्यात ते चित्रपट दाखवत राहणार, आजीला प्रत्येक वेळी सन्मानाने बोलावणार. शिवाय सर आजीच्या स्वाभिमानावर एक स्वतंत्र लेख लिहिणार होते. त्यात तिचं वाक्य घालणार होते, थोडं शुद्ध करून. "आपण माझा हात सोडावा." देवळाचा उल्लेख मात्र गाळावा लागेल, त्यात आजींचीच बदनामी आहे, असं ते काळजीने म्हणाले. सही केली नाही तर ती पेटी पुन्हा माळ्यावर जाईल, आणि तसली फिल्म फार दिवस टिकत नाही.

मी आजीकडे बघितलं. तिची जन्माची सगळी कमाई बारा मिनिटं उरली होती. ती एकदाच बघितली होती तिने, आणि तीही स्टेजवर बाजूला बसून, मान वाकडी करून. तिने ती मागितली असती तर मी सही करू दिली असती. तिने कागद माझ्याकडून वाचून घेतला. सगळा. मग म्हणाली, "तेका सांग, कुजांदे."

मी सरांना सांगितलं, कुजू दे म्हणतेय. त्यांना कळलं होतंच, तरी मी सांगितलं. मग आमचे चार फोटो परत मागितले. ते म्हणाले, शोधावे लागतील. मी म्हणाले, शोधा, मी दर रविवारी येईन. तीन रविवार गेले. चौथ्या रविवारी दिले. पैकी एका फोटोच्या मागे त्यांनी पेनने कुंदलता लिहून ठेवलं होतं. मी त्याच्यावर रेघ मारून खाली भागीरथी आवडू लिहिलं.

सोमवारी कारखान्यात जेवायच्या सुट्टीत मी बायकांना सांगितलं की माझी आजी शिवणकाम करत नव्हती. ती मूकपटात होती, आणि तिची आई देवळात होती. दोघी-तिघी डबा उचलून पलीकडे जाऊन बसल्या. अजून तिकडेच बसतात. बसू देत.

ती बारा मिनिटं आता आम्हाला कुणी दाखवणार नाही. सरांचं पुस्तक येणार आहे, त्यात तो लेख प्राणनाथासकट असणार. त्यांच्याकडे छापखाना आहे, विद्यापीठ आहे, माईक आहे. माझ्याकडे मी जे वाचलं ते आहे आणि आजी जे बोलली ते आहे. ते मी या कागदांवर लिहून तुमच्या मासिकाकडे पाठवते आहे. यातलं देवळाचं वाक्य गाळायचं नाही. तिच्या बोलीतला एक शब्द शुद्ध करायचा नाही. जमत नसेल तर कागद परत पाठवा, मी दुसरीकडे देईन. दुसरीकडेही नाही जमलं, तर सरांच्या पुस्तकाचं प्रकाशन ज्या दाराआड होईल त्या दारात उभी राहून मी हे मोठ्याने वाचीन, आणि शेवटचं पान होईपर्यंत हलणार नाही.